म्हैस, साळिंदर, घसरी आणि पिवळ्या ग्रीसचा डबा

२१ जानेवारी, सकाळी साडेसात. थंडी शून्याखाली चौदा. हजर: मी; रामभाऊ, रिठदचे, चाकं आणि ब्रेक; कांता, किन्हीराजाची, बूट, हेल्मेट, हातमोजे; ठाकूरजी, उताराचे मालक; पाहुणे पाच. सायकली पाच, सगळ्या जाड टायरच्या. गैरहजर कोणी नाही.

ही नोंद माझ्या वहीतली आहे. मी शिरपूर जैनला बसस्टँडजवळ सायकल दुरुस्तीचं दुकान चालवते, आणि डिसेंबर ते मार्च हिमाचलात, कुल्लूच्या वरच्या अंगाला, एका बर्फाच्या उतारावर सायकलींची देखभाल करते. संपादकांनी या अंकासाठी माझ्या कामाबद्दल लिहायला सांगितलं तेव्हा मी म्हटलं, "पंक्चर काढण्यात लिहिण्यासारखं काय आहे?" ते म्हणाले, "ताई, बर्फातलं पंक्चर." त्यांना सांगितलं तेच इथे सांगते. बर्फात पंक्चर फारसं होत नाही. काटे बाभळीला असतात. तिथली दुखणी वेगळी आहेत.

तिथे मी पोचले ती शिरपूरच्या देवळामुळे. दर्शनाला आलेल्या एका कुटुंबाच्या गाडीवर मागे सायकल बांधलेली होती. खड्ड्यात गाडी आपटली आणि सायकलीचं चाक चकलीसारखं वाकडं झालं. मी ते तारा आवळून अर्ध्या तासात सरळ केलं. ते गृहस्थ उन्हात उभे राहून बघत होते. ठाकूरजी त्यांचे मित्र. त्यांना बर्फावर सायकली फिरवायचा धंदा सुरू करायचा होता आणि चाक सरळ करणारं माणूस मिळत नव्हतं. पुढच्या डिसेंबरात मी अकोल्याहून रेल्वेत बसले. बरोबर कांता आणि रामभाऊ.

आमच्याकडून माणसं बाहेरगावी कामाला जातात ती ऊसतोडीला, मुकादमाबरोबर. त्यामुळे गावात माझं नाव पडलं 'बर्फाची मुकादम'. रामभाऊंनी स्वतः बावीस हंगाम ऊस तोडला होता. मोळ्या वाहून कंबर गेली. डॉक्टरांनी सांगितलं, आता डोक्यावर ओझं घ्यायचं नाही. बायको रुक्मिणीबाई, दोन एकर जमीन, आणि हातात मात्र उपजत कसब. कुठलंही यंत्र उघडलं की त्याचं बंद करणं त्यांना आपोआप सुचतं. मी त्यांना माझ्या दुकानात चाक बांधायला शिकवलं आणि दोन महिन्यांत ते माझ्यापेक्षा चांगलं बांधायला लागले.

आता बर्फावरची सायकल म्हणजे काय, ते सांगते. लोकांना वाटतं एकच प्रकार असेल. आमच्या उतारावर पाच होते, आणि त्यांची इंग्रजी नावं रामभाऊंच्या जिभेवर बसेनात म्हणून त्यांनी पहिल्याच आठवड्यात बारसं उरकून घेतलं.

सगळ्यात जास्त चालते ती म्हैस. टायर मनगटापेक्षा जाड, चार-पाच इंच रुंद. ही दाबलेल्या बर्फाच्या वाटेवर चालते. भुसभुशीत बर्फात तीही रुतते. साळिंदर म्हणजे टायरभर बारीक पोलादी खिळे ठोकलेली. गोठून काचेसारख्या झालेल्या रस्त्यावर तीच उभी राहते, बाकी सगळ्या आडव्या होतात. घसरीला चाकंच नसतात. पुढे एक आणि मागे एक अशा दोन पट्ट्या, मध्ये बसायला सीट, आणि बसणाऱ्याच्या पायांतही छोट्या पट्ट्या. पेडल नाही, साखळी नाही, ब्रेक म्हणजे आपले पाय. उभी ही घसरीची बहीण; तिला सीटसुद्धा नाही, दोन फळ्या आणि एक हँडल, त्यावर उभं राहून सुटायचं. पाचवी मोटारीची. पुढे पट्टी, मागे ट्रॅक्टरच्या साखळीसारखा फिरणारा रबरी पट्टा, आणि आवाज असा की देवदारांवरचा बर्फ खाली पडतो. तिला आम्ही हात लावत नसू. तिचा वेगळा मेकॅनिक होता आणि त्याला स्वतःबद्दल फार आदर होता.

काही तरणी मंडळी साळिंदर घेऊन स्कीच्या उतारावरून थेट खाली सुटतात. त्यालाही खेळच म्हणतात. माझ्या वहीत त्याच्यापुढे 'ब्रेक दोनदा तपासणे' एवढंच लिहिलेलं आहे, आणि ते सुटले की मी पाठ फिरवून उभी राहते.

पहिल्या हंगामातल्या आमच्या चुका आधी सांगून टाकते, कारण त्या आमच्याच लोकांना जमल्या असत्या. पहिली हवेची. आमच्याकडे टायर दगडासारखं टणक असेल तर दुकानदार चांगला. पहिल्या सकाळी रामभाऊंनी उतारावरच्या आठही म्हशींमध्ये अंगठा दबणार नाही इतकी हवा ठासली. पाहुणे बसले आणि चाकं चाकूसारखी बर्फात शिरली. बर्फावर पाच-सहा पौंड हवा पुरते. टायर बसकं दिसलं पाहिजे, तेव्हाच ते पसरतं आणि वर तरंगतं. ठाकूरजी हवा सोडत होते आणि रामभाऊ शेजारी उभे राहून हळहळत होते.

"ताई, इतकी मेहनत करून भरली, अन् हे सोडून राह्यले."

"सोडू द्या. इथे असंच असतं."

"गिऱ्हाईक काय म्हणन? दुकानात पंप नाही म्हणन!"

तसं म्हणणारं गिऱ्हाईकही भेटलं. एक नवविवाहित जोडपं फोटोसाठी आलं होतं. नवरदेवाला म्हशीचं बसकं टायर पसंत पडेना. "फोटो में पंक्चर लगता है." मग रामभाऊंनी आनंदाने हवा ठासली, फोटो काढला, आणि दुःखाने सोडली. तसं त्या दिवशी चार जोडप्यांसाठी केलं.

दुसरी चूक दयेची. संध्याकाळी सायकली उघड्यावर बर्फात उभ्या राहणार हे आम्हा तिघांनाही बघवेना. थंडीत जनावर कोणी बाहेर बांधत नाही. आम्ही सगळ्या सायकली आत आणल्या आणि बुखारीभोवती, म्हणजे तिथल्या लाकडाच्या शेगडीभोवती, गोल लावून ठेवल्या. उबेने त्यांच्यावर दव धरलं, ते ब्रेकच्या आणि गिअरच्या तारांच्या नळीत शिरलं, आणि सकाळी बाहेर काढताच गोठलं. एकही ब्रेक दबेना. तेव्हापासून नियम झाला: सायकल थंडीतली थंडीतच राहील. कांताने मात्र हंगामभर त्यांच्यावर जुनी गोधडी टाकली. "उपयोग नाही," मी म्हटलं. "असू द्या, मले बरं वाटते," ती म्हणाली. वहीत मी ते लिहिलं नाही.

काम करताना बर्फात पडलेला नट सापडत नाही, हेही शिकावं लागलं. पांढऱ्यावर चकचकीत काहीच दिसत नाही. कांताने आपल्या लाल लुगड्याचा अर्धा भाग फाडून दिला. तो अंथरून त्यावर आम्ही सायकल उघडायचो. ठाकूरजींच्या मुलखातले लोक तो लाल तुकडा लांबून बघून विचारायचे, "पूजा है क्या?"

पाहुण्यांमध्ये माझ्या सगळ्यात आवडीच्या अकोल्याच्या एक निवृत्त मुख्याध्यापिका. सुनेबरोबर आल्या होत्या. सून गरम खोलीत बसली आणि या घसरीजवळ येऊन उभ्या राहिल्या. रामभाऊ त्यांच्या पायांत पट्ट्या बांधत होते.

"बाई, डरू नका. पाय रुंद करसान तं आपोआप थांबन."

त्यांनी खाली वाकून रामभाऊंच्या तोंडाकडे पाहिलं. "काहो, तुमी कुठचे?"

"रिठदचा."

"वाशिमकडचे! अन् इथं काय करून राह्यले?"

"बर्फाले सायकल शिकवून राह्यलो."

बाई इतक्या हसल्या की पट्टी बांधायची थांबवावी लागली. मग म्हणाल्या, "चाळीस वर्सं पोरायले सांगितलं, घसरू नका, पडू नका, धावू नका. आता मले एकदा घसरू द्या." त्या घसरल्या, पडल्या, उठल्या, आणि नऊ वेळा वर चढून आल्या. दहाव्यांदा सुनेने येऊन नेलं. जाताना रामभाऊंना म्हणाल्या, "माझ्या शाळेत असते तं तुमाले पयला नंबर देला असता."

हे लिहिताना मला बरं वाटतं आहे, म्हणून लांबवते आहे. पण वर जी तारीख लिहिली तिच्याकडे यायला हवं.

तो आमचा तिसरा हंगाम. सायकलच्या मागच्या चाकाच्या पोटात एक भाग असतो. पेडल मारलं की चाक फिरतं आणि थांबवलं की चाक मोकळं पळतं, ते त्याच्यामुळे. आत स्प्रिंगवर बसवलेले छोटे पोलादी दात असतात. आमच्या धंद्यात त्यांना कुत्रे म्हणतात. पेडल मारताना कुत्रे चाकाच्या आतल्या दात्यांना पकडतात. पेडल थांबवलं की त्यांच्यावरून कटकट करत घसरतात. कुत्र्यांनी पकडलं नाही तर पेडल नुसतं गरगर फिरतं, चाक जागचं हलत नाही.

थंडीत कुत्र्यांना पातळ तेल लागतं. ठाकूरजी ते छोट्या बाटल्यांतून मागवायचे. त्या जानेवारीत रस्ता बर्फाने मालाच्या गाड्यांना बंद झाला आणि बाटल्या खालीच अडकल्या. माझ्या ट्रंकेत घरून आणलेला पिवळ्या ग्रीसचा डबा होता. आमच्याकडे उन्हाळ्यात पातळ ग्रीस वितळून रिमवर येतं, म्हणून मी दुकानात घट्ट, ट्रॅक्टरचं ग्रीस वापरते. ते माझ्या हाताला माहीत होतं. वीस तारखेच्या दुपारी मी वहीत लिहिलं, 'पाच म्हशी, मागचं चाक उघडून ग्रीस भरणे – रामभाऊ', आणि डबा त्यांच्यापुढे ठेवला.

त्यांनी बोटावर घेतलं, चोळलं. "ताई, हे लई घट्ट नाही का?"

"घरी काय वापरतो आपण?"

"घरी हेच. पन घरी बर्फ नाही."

"पातळ भरा, थोडं भरा," मी म्हटलं. त्यांनी थोडं भरलं. नंतर मी स्वतः पाचही चाकं फिरवून पाहिली. कटकट स्वच्छ ऐकू येत होती. परीक्षा घेतली ती खोलीत, बुखारीपासून चार हातांवर. पाच खुणा केल्या आणि वही मिटली.

दुसऱ्या सकाळचे पाहुणे पाच मित्र होते, दिल्लीकडचे, साठीच्या पुढचे. त्यांच्यातले एक निवृत्त इंजिनियर. त्यांच्या खिशात हवा मोजायचं स्वतःचं यंत्र. दहा वर्षांपूर्वी हृदयाचं ऑपरेशन झालेलं, पण डॉक्टरांची परवानगी कागदावर घेऊन आलेले. असा पाहुणा मला फार आवडतो. त्यांनी पाचही टायर मोजली, ब्रेक दाबून पाहिले आणि विचारलं, "हब में क्या डाला है?" हब म्हणजे ते चाकाचं पोट.

मी वही उघडून पाच खुणा दाखवल्या. "सब चेक है साहब."

"अरे वा," ते म्हणाले. "ऐसी लिस्ट तो हमारे प्लांट में भी नहीं थी." मी खूश झाले. प्रश्नाचं उत्तर मी दिलं नव्हतं, हे त्यांच्याही लक्षात आलं नाही आणि माझ्याही.

लांब वाट देवदारांतून वर एका मोकळ्या माळावर जाते. तिथून सावलीतल्या एका खोलगट जागेत उतरते आणि परत यायला तोच चढ चढावा लागतो. ठाकूरजी पुढे स्कीवर. उन्हात सगळं ठीक चाललं. खोलगटात ऊन महिनोन् महिने पोचत नाही. तिथे सगळे थांबले, फोटो काढले, आणि निघायला पेडल मारलं तर पाचांपैकी चार सायकलींची पेडलं गरगर फिरली. ग्रीस मेणासारखं थिजलं होतं आणि कुत्रे त्यात चिकटून बसले होते. वरून बर्फ पडायला सुरुवात झाली. ठाकूरजींनी वायरलेसवर सांगितलं ते एवढंच: "चार गाड़ी फेल. ऊपर आओ. जल्दी."

मी दुरुस्तीचं सामान भरत होते तोवर रामभाऊंनी कांताच्या हातातून चहाचे दोन मोठे थर्मास घेतले, खांद्यावर दोर टाकला आणि चालायला लागले. मी मागून पोचले तेव्हा दृश्य असं: एक सायकल आडवी, रामभाऊ गुडघ्यांवर, आणि चाकाच्या पोटावर गरम चहाची धार. भोवती चार म्हातारे पाहुणे हात काखेत घालून बघत उभे.

"भाईसाहब, हमको भी एक कप," एक जण म्हणाला.

"पयले इसको," रामभाऊ म्हणाले. "ये पियेगी तो आप घर जाएगा."

धंद्यातलं सांगते: ऊब मिळाली की ग्रीस जरा सैल होतं आणि ते पुन्हा थिजायच्या आत पेडल मारत राहिलं तर कुत्रे पकडतात. दोन सायकली अशा सुटल्या. चहा संपला. उरलेल्या दोन ढकलत न्यायच्या ठरल्या. पण इंजिनियर साहेब एका देवदाराला टेकून बसले होते. ओठ निळसर. दम लागला की पायी चढ चालायचा नाही, हे त्यांच्या कागदावर स्पष्ट लिहिलेलं होतं. वायरलेसवर बोलून झालं होतं. मोटारीची त्या दिवशी बंद होती आणि खालून मोठी बर्फगाडी यायला तास लागणार होता.

रामभाऊंनी त्यांना उचलून बंद पडलेल्या म्हशीवर बसवलं. हँडलला दोर बांधला, दुसरं टोक स्वतःच्या छातीवरून घेतलं. मी आणि ठाकूरजी दोन बाजूंनी साहेबांना धरून मागून ढकलत होतो. पण ओढत होते रामभाऊ. डॉक्टरांनी ओझं घ्यायचं नाही म्हणून सांगितलेली ती कंबर. मी म्हटलं, "रामभाऊ, कंबर." ते म्हणाले, "ताई, बोलू नका, ढकला." मध्ये थांबून साहेबांना म्हणाले, "साब, टायर में हवा बरोबर है ना? नाप लो." साहेबांना त्या अवस्थेत हसू आलं. आमची म्हैस तीन पावलं चालायची, थांबायची, पुन्हा तीन पावलं.

साहेब वाचले. खाली डॉक्टरांनी तपासलं, हृदय ठीक होतं. उजव्या हाताची दोन बोटं पांढरी पडली होती ती चार दिवसांनी रंगावर आली. पण ते आम्हाला त्या दुपारी माहीत नव्हतं. त्या दुपारी ठाकूरजींनी एक चाक उघडलं, पिवळं मेण बोटावर घेतलं आणि आम्हा तिघांपुढे धरलं.

"ये किसने भरा?"

मी तोंड उघडायच्या आत रामभाऊ म्हणाले, "मैंने."

ते खरं होतं. हात त्यांचेच होते. आता माझी पाळी होती. डबा माझा, हुकूम माझा, त्यांनी शंका विचारली होती आणि ती मी उडवून लावली होती, हे चार वाक्यांचं काम होतं. मी मनात म्हटलं, मुकादमानेच चूक केली म्हटल्यावर तिघांनाही परत जावं लागेल. एकाने गेलं तर दोघींचं तरी राहील. हे मी इतक्या झटकन आणि व्यवस्थित मांडलं की मला ते विचारासारखं वाटलं. ते घाबरणं होतं. मी बोलले नाही. कांता माझ्याकडे बघत होती. तिला डबा कोणाचा ते माहीत होतं, आणि तीही बोलली नाही, कारण मी बोलत नव्हते.

इंजिनियर साहेबांनी पलंगावरून निरोप पाठवला होता की त्या माणसाला काढू नका, त्याने मला ओढून आणलं. ठाकूरजी म्हणाले, "खींच के लाया, सच है. पर जान जाने वाली थी, वो भी उसी के हाथ से." रामभाऊ दुसऱ्या दिवशी निघाले. बसमध्ये चढताना मला म्हणाले, "ताई, साळिंदराच्या मागच्या टायरचे तीन खिळे ढिले हायेत. लिहून ठेवा."

घरी जाऊन ते रुक्मिणीबाईंबरोबर उरलेल्या हंगामाला ऊसतोडीला गेले. कंबर आणखी गेली. आता रिठदच्या फाट्यावर कडुनिंबाखाली पंक्चरचं टपरीवजा दुकान आहे. साधं पंक्चर लोक त्यांच्याकडे काढतात. पण गिअरची नवी सायकल असली की म्हणतात, "बर्फावर सायकली जाम करणाऱ्याच्या हाती नको," आणि ती सायकल शिरपूरला येते. माझ्याकडे. मी ती दुरुस्त करते. अशा सायकली मी तीन वर्षं दुरुस्त करते आहे, आणि त्यातल्या एकीचंही चाक रामभाऊंइतकं चांगलं मला बांधता आलेलं नाही.

गेल्या मार्चमध्ये, हंगाम संपताना, मी ठाकूरजींना सांगितलं. ते लाकडं फोडत होते. सगळं ऐकून त्यांनी कुऱ्हाड ओंडक्यात रुतवून ठेवली.

"तीन साल?" ते म्हणाले.

"तीन."

ते फोडलेली लाकडं रचायला लागले. मला वाटलं आता मलाही बस पकडावी लागणार. मग म्हणाले, "ले आओ उसको. पर पहले घर जा के बताओ. उसके घर में."

मी दोनदा रिठदला गेले. पहिल्यांदा उन्हाळ्यात, ज्वारीच्या पापड्या घेऊन. रुक्मिणीबाईंनी पाट दिला, चहा टाकला. मी म्हटलं, "रामभाऊंना यंदा पुन्हा न्यावं म्हणते."

"कायले?" त्या म्हणाल्या. "यायनं त्या म्हाताऱ्याचा जीव घेतला असता. तुमी होत्या म्हणून वाचले हे. तुमी नसत्या तं पोलिसात गेलं असतं सारं. मी नाही पाठवत, शोभाताई. तुमचं नाव पुन्हा खराब व्हायले नको."

रामभाऊ उंबऱ्यात बसून सुपारी कातरत होते. हसून म्हणाले, "हो ना. केल्या जाम."

मी चहा प्यायले आणि सोयाबीनच्या बियाण्याबद्दल बोलून परत आले.

दुसऱ्यांदा पोळ्यानंतर गेले, थेट टपरीवर. रुक्मिणीबाई शेतात होत्या. ट्यूब पाण्याच्या घमेल्यात बुडवून रामभाऊ बुडबुडे शोधत होते.

"रामभाऊ, त्या ग्रीसचं मला बोलायचं आहे."

"सोडा ना, ताई."

"नाही. तो डबा..."

"तुमचा होता. मले माहीत नसन का? मीच तं उघडला." त्यांनी ट्यूब फिरवली. "बुडबुडा सापडला पाहा. बारीक हाय."

"ठाकूरजींना मी सांगितलं. ते बोलावताहेत तुम्हाला."

हात थांबले. मान वर केली नाही, पण कान लाल झाले. "साळिंदरं तेच हायेत का, जुने?"

"चार नवी आली."

"खिळे पाहा लागतीन," ते म्हणाले. मग ट्यूब पुसत, "येतो मी. डिसेंबरात येतो. पन रुक्मिणीले हे सांगू नका. काही दुसरं कारण सांगू आपण. तिले तुमचा लई भरोसा हाय."

"त्यांना दुसरं कारण पटणार नाही. त्या तुम्हाला सोडणार नाहीत."

"मंग राहू द्या," ते म्हणाले, आणि सोल्यूशन लावून पंक्चरवर फुंकर घालायला लागले.

रुक्मिणीबाई चौथी शिकलेल्या आहेत, पण वाचतात. रिठदच्या वाचनालयात दिवाळी अंक आले की पहिला नंबर त्यांचा असतो. गावातल्या बायकांना त्या वाचूनही दाखवतात. हा लेख मी आज टपालात टाकते आहे. छपाई, बांधणी, पाठवणी धरून अंक तिथे पोचायला सहा आठवडे लागतील, असं संपादक म्हणाले. त्याच्या आत मला त्यांच्या चुलीपुढे बसून, रामभाऊंनी डोळ्यांनी नको म्हटलं तरी, हे तोंडाने सांगायचं आहे. शिरपूरहून रिठदला जायची बस सकाळी सव्वानऊला असते. काल मी स्टँडवर जाऊन उभी राहिले होते. बस आली, माणसं चढली, कंडक्टरने माझ्याकडे पाहून विचारलं, "ताई, येता का?" मी म्हटलं, "उद्या."